दूरदर्शनवर बाबांचं नाव आलं होतं: लोककला टीव्हीवर वाढते की आखडते?

शेवंती

माझे बाबा दशावतारात मृदंग वाजवायचे. सावंतवाडी तालुक्यातलं आमचं गाव. कार्तिकात जत्रा सुरू झाल्या की बाबा घराबाहेर, ते थेट पावसाच्या तोंडावर परत.

1986 च्या सुमारास त्यांच्या कंपनीला मुंबई दूरदर्शनचं बोलावणं आलं. सगळी मंडळी पेटारे घेऊन एसटीने मुंबईला गेली आणि परळला चाकरमान्यांच्या खोलीत उतरली. वरळीच्या स्टुडिओत रेकॉर्डिंग झालं. रात्रभराचं आख्यान पंचवीस मिनिटांत बसवायचं होतं. बाबा सांगायचे, की दिव्यांच्या उष्णतेने मृदंगाच्या धुमेवरची, म्हणजे डाव्या तोंडावरची, कणीक भराभर सुकत होती आणि आवाज चढत होता. ते मांडीखाली ओला पंचा दडवून बसले होते. कॅमेरा राजाकडे वळला की हळूच बोटाने कणीक भिजवून घ्यायची, असं त्यांचं चाललं होतं.

पण त्यांना सगळ्यात जास्त लक्षात राहिली ती वेगळीच गोष्ट. रेकॉर्डिंगच्या आधी एक बाई वही घेऊन आल्या आणि प्रत्येकाला नाव, गाव विचारून गेल्या. राजाचं काम करणाऱ्याला, स्त्रीपार्ट करणाऱ्याला, पेटीवाल्या बुवांना, झांजवाल्याला, पेटारे उचलायला आलेल्या पोरालासुद्धा. बाबांना तोवर कुणी असं विचारलं नव्हतं. आमच्याकडे कंपनी ओळखली जाते मालकाच्या नावाने आणि फार तर राजाच्या नावाने.

कार्यक्रम दीड महिन्याने लागला. तोवर बाबा गावी परतले होते आणि आमच्या वाडीत टीव्ही नव्हता. म्हणजे त्यांनी तो कार्यक्रम कधीच पाहिला नाही. परळच्या काकाचं आंतर्देशीय पत्र आलं. त्यात होतं, "तुजा नाव टीव्हीर इला. आमी सगळ्यांनी वाचला." आईने ते पत्र तीनदा वाचून दाखवलं. बाबांनी ते मृदंगाच्या गवसणीत ठेवलं, बाबा जाईपर्यंत ते तिथेच होतं. आता माझ्याकडे आहे.

येत्या मार्गशीर्षात गावच्या जत्रेला जाणार आहे आणि दशावतार पूर्ण चित्रित करावा असं मनात आहे. त्या निमित्ताने विचारते. टीव्हीवर, विशेषतः सरकारी टीव्हीवर, आलेल्या लोककलांचं भलं झालं की त्या कापून छोट्या झाल्या? आणि आज त्या टीव्हीकडून आपण काय मागावं? माझं मत आधीच सांगते: नाव विचारणारी ती वही, हे दूरदर्शनने केलेलं सगळ्यात मोठं काम होतं.

---

जुनाटीव्ही

शेवंतीताई, पत्राचं वाचून गलबललो.

मुंबई केंद्र सुरू झालं 2 ऑक्टोबर 1972 ला. आमच्याकडे टीव्ही आला 1975 मध्ये, दादरला. लाकडी कपाटातला, सरकत्या दारांचा. पोस्टात जाऊन लायसन्स भरावं लागे. संध्याकाळी आमच्या दोन खोल्यांत तीस माणसं असायची. 'गजरा' लागला की आई स्वयंपाक आधी उरकून घ्यायची. विनायक चासकरांनी छोट्या छोट्या प्रवेशांतून रंगभूमीवरची केवढी माणसं घराघरांत आणली! सुहासिनी मुळगांवकरांच्या 'प्रतिभा आणि प्रतिमा'मुळे मला लेखक, चित्रकार, गायक चेहऱ्याने कळले. बातम्या द्यायला स्मिता पाटील असायच्या, नंतर प्रदीप भिडे. मराठी कशी बोलावी हे आम्ही चाळीतली पोरं तिथे शिकलो.

लोककलांचं म्हणाल तर, मी शहरात वाढलेला. गोंधळ, भारूड, वाघ्यामुरळी हे सगळं पहिल्यांदा पाहिलं ते टीव्हीवरच. पंचवीस मिनिटांचं का होईना, ते नसतं तर माझ्यापर्यंत काहीच पोचलं नसतं. म्हणून माझं मत: वाढते.

---

नागझिरी

सगळ्यांच्या आठवणींचा आदर ठेवून उलटं बोलतो.

मी गोंदिया जिल्ह्यातला. तुम्ही ज्याला "आपलं दूरदर्शन" म्हणता ते आमच्याकडे दिसतच नव्हतं. टॉवरचा पल्ला असतो. मुंबईचं मुंबईच्या आसपास, पुढे सिंहगडावरून पुण्याच्या बाजूला. आमच्याकडे टीव्ही आले तेव्हा त्यात दिल्लीचं हिंदीच जास्त. मराठी कार्यक्रम उपग्रहावरून राज्यभर घरोघरी पोचायला 1994 उजाडलं, तेव्हा डीडी-10 ही दूरदर्शनची मराठी वाहिनी आली. तिचं 'सह्याद्री' नाव 2000 सालचं. म्हणजे पहिली वीस-बावीस वर्षं "महाराष्ट्राची संस्कृती" म्हणून जे दाखवलं गेलं ते ठरवणारेही आणि पाहणारेही बहुतेक एकाच पट्ट्यातले.

झाडीपट्टी रंगभूमी घ्या. धान कापून झालं, दिवाळी सरली की गडचिरोली, चंद्रपूर, भंडारा, गोंदियात होळीपर्यंत नाटकंच नाटकं. दिवसा शंकरपट म्हणजे बैलांच्या शर्यती, रात्री नाटक. गडचिरोली जिल्ह्यातल्या वडशाला नाटक मंडळ्यांची कार्यालयं, तिथून बुकिंग होतं. रात्री दहाला पडदा उघडला की पहाटे बंद. माणसं तिकीट काढून, चादरी घेऊन थंडीत बसतात. इतकी जिवंत, स्वतःच्या पायावर उभी रंगभूमी देशात फार थोड्या ठिकाणी असेल. परशुराम खुणे यांना 2023 मध्ये पद्मश्री मिळाली तेव्हा मुंबई-पुण्याच्या किती लोकांनी "झाडीपट्टी म्हणजे काय?" असं मला विचारलं, ते मोजायचं सोडून दिलं.

तेव्हा "वाढते की आखडते" याआधी प्रश्न "कोणाची?" असा आहे. दंडार, खडीगंमत या आमच्याकडच्या लोककलांना कॅमेऱ्यासमोर किती वेळ मिळाला?

---

रेवती_क

नागझिरी, अगदी बरोबर. पण शेवंतीने जे लिहिलंय ते सिंधुदुर्गातल्या कंपनीचं आहे, मुंबई-पुण्याचं नाही. चाकरमानी मुंबईत होते म्हणून दशावतार तिथवर पोचला, हेही खरं. ज्या भागाची माणसं शहरात संख्येने होती, त्यांची कला आधी दिसली.

---

कॅमेऱ्यामागे

निवृत्त तंत्रज्ञ आहे. तीस वर्षं दूरचित्रवाणीत काढली, त्यातली बरीच ओबी व्हॅनमध्ये, म्हणजे बाहेरच्या चित्रीकरणाच्या गाडीत. "पंचवीस मिनिटं" कुठून आली ते सांगतो.

स्टुडिओ एक, मागणारे दहा. सकाळी शेतीचा कार्यक्रम, दुपारी मुलांचा, संध्याकाळी बातम्यांसाठी सेट रिकामा करून द्यायचा. तीन कॅमेरे, एक मिक्सर. दशावताराच्या मंडळींना मांडामांड, रंगकाम, तालीम आणि रेकॉर्डिंग धरून मिळणार एक शिफ्ट. प्रक्षेपणाची वेळ अर्ध्या तासाची, त्यात पुढचं-मागचं निवेदन. झाली पंचवीस मिनिटं.

"मग गावात जाऊन का नाही?" असं तेव्हा आम्हीही म्हणायचो. बाहेर नेण्याजोगी यू-मॅटिकची (तेव्हाची व्हिडिओ टेप) कॅसेट 20 मिनिटांची होती. वीस मिनिटं झाली की थांबवा, कॅसेट बदला. तमाशात वग रंगात आलाय, सोंगाड्याने प्रेक्षकांना हातात घेतलंय आणि आमच्यातला एकजण हात वर करून "थांबा" म्हणतोय. एकदा एका म्हाताऱ्या सोंगाड्याने त्या थांबण्यालाच वगात घेतलं. राजाला म्हणाला, "महाराज, सरकारचं पोट भरलं, दुसरं ताट येऊ द्या." लोक असे हसले की नवी कॅसेट लागल्यावर पहिलं मिनिट फक्त हशाच भरलाय. मला तो भाग फार आवडतो.

टेपचंही सांगायला हवं. टेप परदेशातून येई, महाग असे, म्हणून जुन्या टेपवर पुन्हा रेकॉर्ड करण्याची पद्धत होती. ती जगभर होती; बीबीसीच्याही कितीतरी जुन्या गोष्टी अशाच पुसल्या गेल्या. त्या वेळी कुणाला वाटलं नव्हतं की पन्नास वर्षांनी एखाद्या मृदंगवाल्याची लेक विचारेल. ज्या उरल्या त्यांचंही सोपं नाही. टेपवरच्या चुंबकीय थराला धरून ठेवणारा जो गोंद असतो, तो हवेतलं पाणी ओढतो आणि चिकट होतो. समुद्राकाठची दमट हवा त्याला सगळ्यात वाईट. अशी टेप मशीनमध्ये घातली की चर्र आवाज करत हेडला चिकटते, थर खरवडून निघतो. त्यावर उपाय म्हणजे टेप 50-55 अंशांवर कित्येक तास मंद शेकायची, मग ती थोडे दिवस वाजते, तेवढ्यात डिजिटल करून घ्यायची. शेकताना पापड भाजल्यासारखी नजर ठेवून बसावं लागतं.

शेवंती, कणीक भिजवण्याचं वाचून मला तो स्टुडिओ डोळ्यांपुढे आला. दिव्यांखाली सारंगीच्या ताराही उतरायच्या. साथीदारांना दोन टेकच्या मध्ये सुर लावायला वेळ द्यायचा, हे चांगल्या निर्मात्याचं लक्षण असायचं.

---

गिरणगाव

लालबागचा. तुमच्या काकाच्या खोलीसारख्याच खोलीत वाढलो. संपानंतरची वर्षं, कुणाच्या खिशात काही नव्हतं, पण मंडळाने वर्गणी काढून टीव्ही घेतला होता. ब्लॅक अँड व्हाइट.

दशावतार लागला त्या दिवशीची गंमत. जत्रेत संकासूर आला की पोरं जिवाच्या आकांताने पळतात हे कोकणातल्या सगळ्यांना माहीत आहे. काळा बुरखा आणि ती लाल लांब जीभ! टीव्हीवर संकासूर आला आणि आम्ही पोरं दारापर्यंत पळालो. मग माझा धाकटा भाऊ थांबला, वळून नीट बघितलं आणि म्हणाला, "ह्याची जीभ काळी आसा. ह्यो खरो नाय." सगळे परत येऊन बसले.

---

शेवंती

गिरणगाव, हे आईला वाचून दाखवलं. ती अजून हसतेय.

---

दिवटी

आम्ही गोंधळी. परभणीकडचे. आजोबा, वडील, आता मी आणि चुलतभाऊ. लग्नानंतर कुळाचा गोंधळ घालायचा असतो तेव्हा आम्हाला बोलावतात. चौक मांडायचा, दिवटी पेटवायची, देवांना आवाहन करायचं आणि मग रात्रभर आख्यान.

माझं दुखणं वेगळं आहे. टीव्हीवर गोंधळ "लोकनृत्य" होतो. एका वाहिनीच्या स्टुडिओत आम्हाला दिवटी पेटवू दिली नाही, आगीचा नियम म्हणून. त्यांनी टोकाला लाल बल्ब लावलेली काठी दिली. वडील ती हातात घेऊन उभे राहिले आणि त्यांच्या तोंडून शब्दच फुटेना. गोंधळ दिवटीपुढे मांडतात. तिथे तेल घालणारा एकजण सतत असतो, ती विझू द्यायची नसते. अखेर वडिलांनी बल्बची काठी खाली ठेवली आणि फक्त संबळ नि तुणतुण्यावर एक पद म्हटलं. ते उत्तम झालं. पण तो गोंधळ नव्हता, गोंधळातलं गाणं होतं, एवढं तरी निवेदनात सांगायला हवं होतं.

म्हणून म्हणतो, आखडण्याचं वाईट नाही वाटत. आपण काय दाखवतोय आणि काय वगळलंय ते सांगितलं तर पंचवीस मिनिटंही खरी असतात.

---

रेवती_क

दिवटी, हे फार महत्त्वाचं लिहिलंत. लावणीचं तेच झालंय, किंबहुना जास्त.

बैठकीची लावणी बसून असते. गाणारी बाई एकेक ओळ पाच-सात प्रकारे मांडते आणि प्रत्येक वेळी अर्थ थोडा सरकतो. एकदा रुसवा, एकदा लाडीगोडी, एकदा सरळ आव्हान. सगळा खेळ डोळे, भुवई, मनगट आणि पदराच्या काठावर. वाईच्या यमुनाबाई वाईकरांची अदाकारी पाहिलेली माणसं अजून त्याबद्दल बोलताना हळू आवाजात बोलतात. त्यांना 2012 मध्ये पद्मश्री मिळाली, 2018 मध्ये त्या गेल्या.

आता खाजगी वाहिन्यांवरच्या स्पर्धा बघा. चाळीस सेकंदांत बारा कोन, क्रेन, धूर, मागे वीस नर्तिका. हात दिसायच्या आत कॅमेरा पायावर, पाय दिसायच्या आत परीक्षकाच्या तोंडावर. जुन्या दूरदर्शनचा कॅमेरा हलायचा नाही म्हणून आपण त्याला कंटाळवाणा म्हणायचो. पण लावणीला तोच कॅमेरा हवा! एका चेहऱ्यावर चार मिनिटं थांबण्याची हिंमत जाहिरातींवर चालणाऱ्या वाहिनीला परवडत नाही. ती फक्त लोकांच्या पैशावर चालणाऱ्या टीव्हीला परवडते, आणि म्हणून ती त्याची जबाबदारी आहे.

---

आडवाट

मी तेवीस वर्षांचा, कुडाळचा. थोडं वेगळं म्हणणं आहे, राग मानू नका.

आज दशावतार पाहायला टीव्ही कशाला हवाय? आमच्याकडे जत्रेत चार पोरं मोबाइल लावून अख्खी रात्र यूट्यूबवर लाइव्ह करतात. दुबईत बसलेला माणूस रात्री दोन वाजता आपल्या गावचा धयकालो, म्हणजे दशावतारच, बघतो आणि खाली लिहितो "राजा आज फॉर्मात आसा". कापाकापी नाही, वीस मिनिटांची कॅसेट नाही, निवेदक नाही. सुरुवातीच्या आडदशावतारापासून पहाटेपर्यंत सगळं. दशावताराला ह्याने नवा प्रेक्षक दिला. सरकारी टीव्हीची वाट बघत बसलो असतो तर काय झालं असतं?

---

जुनाटीव्ही

आडवाट, राग कसला. मी स्वतः बघतो ते लाइव्ह. पण आवाज ऐकलायस का? राजाचे संवाद स्पीकरच्या कर्ण्यातून, आणि मृदंग म्हणजे लांब कुठेतरी कुणीतरी दार वाजवतंय.

---

आडवाट

हे मात्र खरं काका. मृदंग येतच नाही.

---

सातमाळा

चाळीसगाव भागातला. घरात आम्ही अहिराणी बोलतो. शाळेत गेलो तेव्हा वाटायचं आपली भाषा म्हणजे चुकलेली मराठी.

कलेपेक्षा बोलीचं सांगतो, कारण बोली गेली की कला कशात गाणार? माझ्या आजोबांचा आवडता कार्यक्रम 'आमची माती आमची माणसं'. त्यांना खतांची माहिती हवी असायची असं नाही. त्यात शेतकरी त्याच्या बोलीत बोलायचा आणि त्याला मध्येच कुणी सुधारायचं नाही. टीव्हीत आपल्यासारखं बोलणारा माणूस मान ताठ ठेवून बोलतोय, हे बघून आजोबा खुर्ची पुढे ओढायचे. त्यांच्यासाठी तोच सांस्कृतिक कार्यक्रम होता.

आणि आडवाट, मोबाइलवर सगळं आहे हे खरं, पण आमच्या वस्तीवर अजून डीडी फ्री डिशच्या छत्र्या आहेत. छत्री एकदा घेतली की महिन्याला काही भरावं लागत नाही. आई शेतातून आल्यावर फोन हातात घेत नाही, सह्याद्री लावते. तिच्यापर्यंत पोचायचं असेल तर अजून टीव्हीच.

---

पाऊसपाणी

कायद्याचा विद्यार्थी म्हणून थोडी भर.

दूरदर्शनने प्रादेशिक कला दाखवणं ही कुणाची मेहरबानी नाही, ते लिहून ठेवलेलं कर्तव्य आहे. दूरदर्शन ज्या प्रसार भारतीखाली येतं तिचा कायदा 1990 चा, लागू झाला 1997 मध्ये. त्याच्या कलम 12 मध्ये कर्तव्यांची यादी आहे आणि देशाच्या निरनिराळ्या प्रदेशांतल्या संस्कृतींना आणि भाषांना पुरेसं स्थान देणं हे तिथे स्पष्ट आहे. "पुरेसं" हा शब्द नागझिरींनी धरून ठेवावा असा आहे.

दुसरं, केबलवाल्यांना दूरदर्शनच्या ठरावीक वाहिन्या दाखवणं 1995 च्या केबल कायद्याने सक्तीचं आहे. म्हणजे पोचण्याची सोय कायद्यानेच करून दिलीय. 2002 पासून डीडी भारती ही खास कला-संस्कृतीची वाहिनीही आहे. पोचण्याचा रस्ता आहे, त्यावरून काय न्यायचं एवढाच प्रश्न आहे.

---

नागझिरी

पाऊसपाणी, आभारी आहे. "पुरेसं" लिहून ठेवलं.

माझी मागणी मग साधी आहे. दिवाळी ते होळी, दर आठवड्याला एक रात्र, वडसा परिसरातल्या कोणत्याही एका गावातलं झाडीपट्टी नाटक पूर्ण. स्टुडिओत बोलावू नका. आमची नाटकं स्टुडिओत मरतात, कारण अर्धं नाटक समोर बसलेल्या लोकांत घडतं. विनोदी नट प्रेक्षकांतल्या पाटलाला नावाने हाक मारतो, पाटील खालून उत्तर देतो आणि ते नाटकात जातं. हे वडशातच होईल.

---

मोगरा

थोडं विषयांतर. मुंबई केंद्रावर गुजराती कार्यक्रमही असायचे, 'आवो मारी साथे' आणि 'संताकुकडी'. आमच्या घाटकोपरच्या इमारतीत निम्मे मराठी, निम्मे गुजराती. एक टीव्ही, दोन्ही घरांचे कार्यक्रम सगळे मिळून बघायचे. मला गरब्याची गाणी येतात आणि शेजारच्या बेनला भारूड येतं, ते त्यामुळे. पुढे ज्याची त्याची वाहिनी झाली आणि हे थांबलं. प्रादेशिक टीव्हीचा हाही एक फायदा होता, की शेजाऱ्याचा प्रदेश आपोआप कळायचा.

---

बोरीबाभळी

विषयांतर नाहीच हे. आम्ही सोलापूरला कन्नड कार्यक्रम असेच बघायचो.

बाकी, जव्हार-मोखाड्याकडच्या बोहाड्याबद्दल कुणीच बोललं नाही. मुखवटे घालून रात्रभर एकेक सोंग येतं. नाचणाऱ्याचं नाव फार तर कळतं, मुखवटा बनवणाऱ्याचं कधीच नाही. शेवंतीच्या वहीत तोही हवा.

---

शेवंती

सगळ्यांचं दोनदा वाचलं. मत थोडं बदललंय, थोडं पक्कं झालंय.

बदललं ते असं. मला वाटायचं की पंचवीस मिनिटं म्हणजे नुकसान. बाबांना मी एकदा विचारलं होतं, "तुमका वायट नाय वाटला, येवढा कापल्यार?" ते म्हणाले होते, की पंचवीस मिनिटांत राजा तीनदा आला, पण तिन्ही वेळा मृदंगावर आला, तो भाग कुणी कापला नाही. दिवटी म्हणतात तसं, काय ठेवलं आणि काय वगळलं ते कळून केलं होतं.

पक्कं झालं ते नावाबद्दल. प्रसार भारतीच्या आर्काइव्हने जुनं बरंच यूट्यूबवर टाकलंय. मी कित्येक रात्री शोधलं. शोधताना लक्षात आलं, की आपण शोधतो नावानेच. मोठ्या गायकाचं नाव टाकलं की सापडतं. तबलजीचं नाव खाली लिहिलेलं असेल तर त्याच्या नातवालाही सापडेल. लिहिलेलं नसेल तर चित्र समोर असूनही हरवलेलंच. बाबांचा कार्यक्रम मला मिळालेला नाही. पण कुठे टिकला असेल, तर त्याच्या शेवटच्या नावांच्या पट्टीत त्यांचं नाव आहे हे मला माहीत आहे. तेवढ्यावर शोधत राहता येतं.

आडवाट, तुम्ही जे लाइव्ह करता त्याच्याखाली फक्त कंपनीचं आणि राजाचं नाव असतं. तेवढं बदलाल?

---

आडवाट

ताई, आजवर डोक्यातच आलं नव्हतं. मित्रांना सांगतो. जत्रेला तुम्ही कुठल्या दिवशी येताय? मी ट्रायपॉड घेऊन येतो.

---

कॅमेऱ्यामागे

जाताय तर दोघांना चार गोष्टी सांगतो.

मृदंगाला वेगळा माइक द्या, धुमेच्या बाजूने हातभर अंतरावर, जमिनीपासून थोडा वर. कर्ण्याचा आवाज त्यात कमीत कमी येईल. पेटीला वेगळा नसला तरी चालेल, ती कशातही येते. एक फोन मंचासमोर स्थिर, त्याला रात्रभर हात लावायचा नाही. दुसरा साथीदारांवर. साथीदारांवर कुणी कॅमेरा ठेवत नाही, आणि पुढे शिकणाऱ्याला बघायचे असतात ते हातच.

संध्याकाळीच जा. मंडळी मांडी घालून, आरसा पुढ्यात ठेवून स्वतःचं तोंड स्वतः रंगवतात तेही घ्या. कुणी काही बोलू नका, फक्त घ्या. आणि सुरुवातीला प्रत्येकाला कॅमेऱ्यात बघून नाव, गाव, काम आणि कुणाकडे शिकला ते सांगू द्या. पट्टीवर लिहिलेलं नाव चुकू शकतं, तोंडून आलेलं चुकत नाही. मूळ फाइल दोन ठिकाणी ठेवा, एक घरापासून लांब. यूट्यूबवर चढवलं म्हणजे जपलं असं समजू नका.

---

दिवटी

"कुणाकडे शिकला" हे काकांनी बरोबर सांगितलं. आमच्यात आधी गुरूचं नाव येतं, मग स्वतःचं.

---

रेवती_क

शेवंती, झालं की इथे लिही. वाट बघतेय.

---

शेवंती

परवा जत्रा झाली. आडवाट आणि त्याचे दोन मित्र आले होते, आई पण आली.

रंगकामाच्या वेळी आम्ही एका कोपऱ्यात बसलो. पासष्टीचे एक गृहस्थ सफेदा लावत होते. अर्धा चेहरा झाल्यावर थांबून त्यांनी आरशाला हात जोडले आणि मग दुसरी बाजू घेतली. ते आडवाटच्या फोनमध्ये आलंय.

नंतर एकेकाला कॅमेऱ्यापुढे बसवलं. राजा, राणी, संकासूर सगळ्यांनी झटपट सांगितलं, सवय आहे त्यांना. मृदंगावर एकोणीस-वीस वर्षांचा मुलगा होता. तो उठेचना. "माजा नाव कित्याक? मी खय राजा जातंय?" असं म्हणून कणीक मळत राहिला. आई मागे उभी होती, ती पुढे झाली आणि त्याला म्हणाली, "सांग रे बाबू. माज्या घोवाचा बी विचारलेला." पेटीवाले बुवा म्हणाले, "तुज्या बगर राजा चलात कसो? सांग."

त्याने सांगितलं, पण इतकं हळू की झांजेच्या आवाजात बुडालं. आडवाटने पुन्हा घ्यायला लावलं. दुसऱ्यांदा त्याने पंचाला हात पुसले, ताठ बसला आणि आधी गुरूचं, मग वडिलांचं, मग स्वतःचं आणि गावाचं नाव सांगितलं.

घरी येऊन आधी तेवढंच ऐकलं. आवाज स्पष्ट आलाय.